दीड रकान्याचे भाषण

ज्या नगराला वरून आलेल्या साहेबाचे रीतसर स्वागत करता येत नाही, त्या नगराला साहेबाविरुद्ध तक्रार करण्याचा नैतिक अधिकार उरत नाही. आमचे हेर्मोनिस दोन्ही बाबतींत मागे होते. तक्रारी होत्या, पण त्या कोणी बोलून दाखवत नसे. आणि स्वागत होत असे, पण त्यात भाषण नसे. यातली दुसरी उणीव गंभीर आहे, असे नगरसभेच्या ध्यानात आले.

नगरसभा तशी नवीच होती. सम्राटांनी मोठ्या मनाने आमच्या भागातल्या नगरांना स्वतःच्या सभा दिल्या. म्हणजे आधी जी कामे सरकार आपल्या खर्चाने करी, ती आता गावातल्या खात्यापित्या घरांनी आपल्या खर्चाने करायची आणि त्याला मान म्हणायचे. व्यायामशाळेला वर्षभर तेल पुरवणे हा एक मान. सार्वजनिक स्नानगृहाचे पाणी तापवणे हा दुसरा. मान नाकारता येत नाही, कारण तो मान आहे. त्या वर्षी ज्यांना मान मिळाले त्यांच्यापैकी दोघे नदीच्या मुखाकडच्या दलदलीत पळून गेले, एक जण मगरदेवाच्या देवळात आश्रयाला जाऊन बसला आणि एक वारला. (वारलेल्याची अंत्ययात्रा सभेने थाटात काढली. पुढे तो शेजारच्या बाजारात कांदे निवडताना दिसला. परंतु अंत्ययात्रेला मंजुरी मिळालेली असल्याने त्याला मृत समजण्यावाचून गत्यंतर नव्हते.)

अशात प्रांताधिकारी ओपिमिआनुस पाहणीला येत असल्याचा निरोप आला. सभेचे अध्यक्ष हेराक्लामोन यांनी तातडीची बैठक बोलावली. साहेबांना घालायला मुकुट ठरला, जेवणाला बदके ठरली, रस्त्यावर पाणी शिंपडायचे ठरले आणि लगेच रद्दही झाले, कारण पाणी नव्हते. तीन वर्षांपासून आमच्या कालव्याला घोट्याएवढेच पाणी येत होते. नगरसभेच्या दप्तरी हा प्रकार 'नाईलमाईची लहर' या सदरात नोंदलेला आहे. गावाच्या वरच्या अंगाला कालव्याला एक नवे लाकडी दार बसवले होते आणि ते ओपिमिआनुस साहेबांच्या द्राक्षमळ्याकडे उघडत असे, हे गावात प्रत्येकाला ठाऊक होते. पण जे प्रत्येकाला ठाऊक आहे ते पुन्हा सांगण्यात काय हशील, म्हणून ते कोणी सांगत नसे.

मग एका सभासदाने विचारले की यंदा भाषणाचे काय. शेजारच्या नगरात म्हणे स्वतंत्र नगरवक्ता आहे. आपल्याकडेही तो असावा, असा ठराव झाला. कोणाला नेमायचे यावर सभेने पुढीलप्रमाणे विचार केला: वक्ता म्हणजे ज्याच्याजवळ ग्रंथ आहेत तो. ग्रंथ पपायरसचे असतात. गावात सर्वांत जास्त पपायरस खारवलेल्या मासळीच्या दुकानात आहे, कारण तिथे मासळी रद्दीत बांधून देतात. सबब, मासळीवाला कोप्रेस याला नगरवक्तेपदाचा मान देण्यात येत आहे.

कोप्रेस त्या वेळी दुकानात एका म्हातारीला बांगड्यासारख्या दिसणाऱ्या पण बांगडा नसलेल्या माशाबद्दल खात्री देत होता. (कोप्रेस म्हणजे उकिरड्यावरचा. जन्मतःच तिथे सापडलेल्या पोरांना आमच्याकडे हेच नाव ठेवतात. गावात असे दहाबारा कोप्रेस आहेत आणि कोणी कोणाला त्यावरून चिडवत नाही.) सभेच्या शिपायाने दारात उभे राहून मान वाचून दाखवला. म्हातारीने अभिनंदन केले आणि त्याच्या आनंदात एक मासा जास्त मागून घेतला.

घरी त्याची बायको ताउसिरिस मसूर निवडत होती. तिने सगळे शांतपणे ऐकून घेतले.

"तुम्ही भाषण करणार?" ती म्हणाली. "माझ्या भावाकडे चार वाक्यं सलग बोलायची झाली तर मधेच खोकला येतो तुम्हाला."

"पळून जाऊया का?" कोप्रेसने विचारले.

"मासळी नुकतीच मिठात घातलीय. ती टाकून कुठं पळता?"

मासळी मुरायला वेळ लागतो. तेव्हा मान स्वीकारणे भाग पडले.

कोप्रेसला अक्षरे येत होती. पुड्या बांधता बांधता तो ती वाचत असे, जशी माणसे जाता येता भिंतीवरचे वाचतात. दोन दिवस त्याने पोती उपसली. जुनी करारपत्रे निघाली, गाढव हरवल्याचे अर्ज निघाले, एका बाईने सासूविरुद्ध देवाला लिहिलेली सविस्तर विनंती निघाली. शेवटी तळाशी एक तुकडा सापडला. अक्षर मोत्यासारखे. एक अख्खा रकाना आणि त्याच्या शेजारी फाटलेला अर्धा. सुरुवात नाही, शेवट नाही. एका कोपऱ्यावर मासळीच्या खारट पाण्याचा डाग. भाषा ग्रीकच, पण पाचशे वर्षांपूर्वीची, अथेन्सची. आम्ही घरात मिसरी बोलतो आणि बाजारात जी ग्रीक बोलतो ती ऐकून अथेन्सचा माणूस रडला असता. कोप्रेसला त्यातले मोजकेच शब्द लागले: 'नागरिकांनो', 'मुकुट', 'साक्षीदार', 'पाणी'.

तो तुकडा घेऊन तो शाळेच्या फिलिस्कोस मास्तरांकडे गेला. मास्तर जुनी ग्रीक शिकवत. त्यांना ती येत होती की नाही हे कधी तपासायची वेळ आली नव्हती, कारण गावात दुसऱ्या कोणालाच येत नव्हती. मास्तरांनी तुकडा उजेडात धरला, नाकाजवळ नेला आणि मासळीच्या वासाने पुन्हा लांब धरला.

"उच्च दर्जाचं आहे," ते म्हणाले.

"पण आहे कशाबद्दल?"

"मुकुट शब्द आलाय ना? मग सत्काराचंच. भर सभेत मुकुट दुसऱ्या कशाला येईल?"

"आणि पाणी?"

"अरे, मग तर आपल्यासाठीच लिहिलंय." मास्तरांनी 'अथेन्सच्या' हा शब्द ओल्या स्पंजाने पुसून तिथे 'हेर्मोनिसच्या' असे लिहिले, आणि भाषण गावाच्या मालकीचे झाले.

साहेब आले. व्यायामशाळेच्या अंगणात मांडव घातला होता. मुकुट झाला, बदके चुलीवर चढली, आणि कोप्रेस पुढे आला. तो घाबरला होता, म्हणून ओरडून वाचू लागला. घाबरलेली माणसे एक तर कुजबुजतात नाही तर ओरडतात. त्याने जे वाचले त्याचा अर्थ पुढे लावण्यात आला तो असा:

"...आणि हा मनुष्य, हेर्मोनिसच्या नागरिकांनो, तुमच्याकडे आला तेव्हा याच्या पायांत वहाणाही नव्हत्या. आज हा रस्त्याने निघाला की तुम्ही भिंतीला चिकटून उभे राहता. जे तुमच्या शेतांचे होते ते याच्या बागेत गेले. आणि मुकुट कोणाला घालता, तर यालाच. मी खोटे बोलत असेन तर हे समोर बसले आहेत साक्षीदार. त्यांना विचारा. यांना सगळे ठाऊक आहे. कारकुना, पाणी थांबव आणि..."

इथे पपायरस फाटला होता, म्हणून कोप्रेसही थांबला.

भाषण संपले की मध्येच अडले हे सभेला कळेना. मग अध्यक्ष हेराक्लामोन यांनी हात वर करून साहेबांच्या नावाने "महासागर!" अशी ललकारी दिली. (दानशूर माणसाला आमच्याकडे महासागर म्हणतात. गेली तीन वर्षे कोरड्या कालव्याच्या काठी ही ललकारी जोरात दिली जात होती.) टाळ्यांचा कडकडाट झाला. मागच्या रांगेत दोघांना गहिवरून आले.

ओपिमिआनुस साहेब तरुणपणी वडिलांच्या पैशाने अथेन्सला वक्तृत्व शिकले होते. बरेचसे झोपेत शिकले, पण तिसरा हिस्सा तरी कानावर पडला होता, आणि तो पुरेसा होता. त्यांचा चेहरा ताकासारखा झाला. त्यांनी मुकुट काढून मांडीवर ठेवला. जेवणाच्या वेळी त्यांनी कोप्रेसला बाजूला बोलावले.

"हे कुणी लिहिलं?"

"जुना कागद आहे, साहेब."

"असे आणखी आहेत?"

"पोती भरून आहेत. दुकानात."

"आणि ते कुणी पाहिलेत?"

कोप्रेसला वाटले साहेब धंद्याची चौकशी करतायत. तो मोकळेपणाने बोलू लागला. "गावात घरोघरी माझा एखादा तरी कागद सापडेल, साहेब. लोक माल खातात आणि कागद जपून ठेवतात."

"कशासाठी?"

"वेळेला उपयोगी पडतो."

साहेबांनी बदकाला हात लावला नाही. उन्हे कलायच्या आत ते निघून गेले. दोन दिवसांनी कालव्याला कमरेएवढे पाणी आले आणि वरचे लाकडी दार खिळे मारून बंद केल्याचे गुराख्यांनी पाहिले.

नगरसभेने या घटनेचा अभ्यास केला. पूर्वी भाषण नव्हते, तेव्हा पाणी नव्हते. आता भाषण झाले आणि पाणी आले. यावरून भाषणाने पाणी येते हे सिद्ध होत असून, सदर भाषण दर अमावास्येला कालव्याच्या काठी जाहीरपणे वाचण्यात यावे, असा ठराव एकमताने झाला. फिलिस्कोस मास्तरांनी ते शाळेत पाठ करायला लावले. एका लग्नात वराच्या काकांनी ते म्हटले. ('आला तेव्हा याच्या पायांत वहाणाही नव्हत्या' या ओळीशी वर उठून उभा राहिला आणि सर्वांना नमस्कार करून बसला.) ताउसिरिसकडे शेजारणी पोटदुखीसाठी त्या तुकड्यावरून उतरवलेले पाणी मागायला येत. कोप्रेस रस्त्याने चालला की लोक बाजूला सरत. त्याला हे आवडू लागले होते, हे नाकारण्यात अर्थ नाही. त्याने दाढी राखली.

अडचण पुढेच आली. एखादी गोष्ट पुन्हा पुन्हा मोठ्याने वाचली की ती कळण्याचा धोका असतो. एरवी हा धोका कोणी पत्करत नाही. एकदा वाचतात आणि टाळ्या वाजवतात. कोप्रेसचे तसे नव्हते. एका सकाळी तो तराजूत मासळी टाकत होता आणि आदल्या दिवशी म्हटलेले वाक्य तोंडातल्या तोंडात घोळवत होता, तेवढ्यात ते वाक्य, कुलपात किल्ली फिरावी तसे, उघडले. 'जे तुमच्या शेतांचे होते ते याच्या बागेत गेले.' मग त्याच्या मागचे उघडले, मग पुढचे. गिऱ्हाईक समोर उभे होते. कोप्रेसने तराजू खाली ठेवला आणि तो दुकानाच्या आत जाऊन बसला.

"मी त्याला चोर म्हणालो," त्याने ताउसिरिसला सांगितले. "चारचौघांत. तोंडावर."

"कुणाला कळलं का?"

"त्यालाच."

ताउसिरिसने हातातले काम बाजूला ठेवले. मग म्हणाली, "खरं तर होतं."

"खरं होतं गं. नदीच्या धक्क्यावरून मासळी आणताना दर खेपेला मी ते दार बघायचो. उघडं दार, आणि पाणी पलीकडं चाललेलं. पण मला माहीत असतं की मी हे बोलतोय, तर मी बोललो नसतो." या गोष्टीची त्याला सर्वांत जास्त लाज वाटली.

तो अध्यक्षांकडे गेला आणि भाषणाचा अर्थ त्यांच्या कानावर घातला. हेराक्लामोन यांनी आधी दार लावून घेतले.

"तुला अर्थ कळलाय, हे आणखी कुणाला सांगितलंस?"

"बायकोला."

"ठीक आहे. हे बघ कोप्रेस, वक्त्याला अर्थ कळणं पदाच्या कामात येत नाही. तू वाच. समजायचं ते सभा समजून घेईल."

पुढच्या अमावास्येला त्याने वाचले. आवाज पहिल्यासारखा निघाला नाही. लोक म्हणाले, वक्ता थकला.

त्याच सुमारास ओपिमिआनुस यांची बदली झाली आणि नवे साहेब आले. वयाने लहान, अंगाने काटकुळे, आणि आमच्या दुर्दैवाने शिकताना जागे राहिलेले. गावाने मांडव घातला, मुकुट आणला, आणि पाणी आणखी वाढावे या सदिच्छेने नगरवक्त्याला पुढे केले. कोप्रेसने वाचले. साहेबांनी डोळे मिटून ऐकले. अध्यक्षांचा हात ललकारीसाठी वर जाणार तोच साहेबांनी आपला हात वर केला.

"हे न्यायालयातलं भाषण आहे," ते म्हणाले. "जुन्या अथेन्समधलं. आरोपाचं. तिथं वक्त्याला पाण्याच्या घटिकापात्रावर वेळ मोजून देत. साक्षीदाराची जबानी चालू असली की तेवढा वेळ वक्त्याचा धरत नसत. म्हणून तो कारकुनाला सांगतो, पाणी थांबव आणि साक्षीदार बोलाव." त्यांनी सभेकडे पाहिले. "माझ्या आधीच्या अधिकाऱ्यासमोर तुम्ही हेच वाचलंत, असं मला समजलं. आणि मग कालव्याचं दार बंद झालं. असं धैर्य मी दुसऱ्या कुठल्या नगरात पाहिलं नाही. तर आपण हे पुरं करू. साक्षीदार बोलवा."

त्यांच्या कारकुनाने दोन तिपाया पुढे मांडल्या.

सगळ्या सभेला एकाएकी मांडवाचे छत पाहण्यासारखे वाटू लागले. मग हेराक्लामोन उठले. त्यांनी निवेदन केले की नगराने केवळ स्वागत केले. त्यातला एक शब्दही नगराला कळलेला नाही. तो कळावा असा नगराचा हेतू कधीच नव्हता. आणि याला फिलिस्कोस मास्तर साक्षी आहेत. मास्तर उठले आणि म्हणाले की आपल्याला जुनी ग्रीक येत नाही. वीस वर्षे लपवलेली गोष्ट त्यांनी सर्वांसमक्ष इतक्या सहज सांगितली की आम्हांला त्यांचा आदर वाटला. माजी साहेबांविषयी गावाचे मत काय, असे विचारल्यावर सभासदांनी एका आवाजात "महासागर!" असे सांगितले.

"मग हे वाचलं कुणी?" नव्या साहेबांनी विचारले.

सर्वांनी कोप्रेसकडे बोट केले. एकमत इतके त्वरित पूर्वी कधी झाले नव्हते.

कोप्रेसला सुटका समोर दिसत होती. मलाही कळले नाही, एवढेच म्हणायचे होते. आणि पहिल्या खेपेपुरते ते खरेही होते. त्याने बायकांच्या बाजूला ताउसिरिस कुठे आहे ते पाहिले. ती त्याच्याकडेच पाहत होती. मान हलवत नव्हती, होकाराची नाही आणि नकाराचीही नाही. तो पुढे गेला आणि तिपाईवर बसला. हातातला तुकडा त्याने मांडीवर उलटा ठेवला.

"आधी मला कळलं नव्हतं, साहेब," तो म्हणाला. "आता कळलंय. यात लिहिलंय ते अथेन्सचं असेल. पण दार मी पाहिलंय. आपल्या डोळ्यांनी, दर खेपेला. आमच्या शेतांचं पाणी तिकडं जात होतं." आणि मग त्याला खोकला आला.

साहेबांनी मान डोलावली. कारकुनाने जबानी लिहून घेतली. "एका साक्षीवर चौकशी पुढं जात नाही," साहेब म्हणाले. "दुसरा कोण?"

दुसरी तिपाई रिकामी राहिली. बराच वेळ वाट पाहून साहेब उठले आणि म्हणाले की चौकशी खुली राहील.

त्या दिवसापासून कोप्रेसच्या घरी मागच्या दाराने माणसे येऊ लागली. प्रत्येक जण एकटा, इकडेतिकडे पाहून आत शिरायचा आणि हळूच म्हणायचा, "बरोबर बोललास गड्या, मीही पाहिलं होतं." गर्दी एवढी झाली की मागच्या गल्लीत रांग लावावी लागली. रांगेत कोणी कोणाला ओळख दिली नाही. अध्यक्षांचा सख्खा भाऊ आला, मास्तर आले, आणि जो शिपाई मान वाचून दाखवायचा तोही आला. सगळ्यांना ताउसिरिसने बसायला पाट दिला आणि विचारले, की एवढे आहात तर तिथे एक जण का नाही बसलात. यावर प्रत्येकाला एकाएकी घरचे काम आठवले.

नगरसभेने सूड घेतला नाही. उलट कोप्रेसच्या अनन्यसाधारण सेवेची दखल घेऊन त्याला एकाच वेळी व्यायामशाळेच्या तेलाचा, स्नानगृहाच्या सरपणाचा, धान्यपुरवठ्याचा आणि देवळातल्या मगरींना मांस घालण्याचा असे चार मान आजन्म बहाल केले. ठराव वाचून झाल्यावर त्याच्या नावाने ललकारीही झाली. चार मानांत कोणतेही घर चार महिने टिकत नाही. पाचव्या दिवशी दुकान बंद दिसले. शेजारणीने सांगितले की दोघांनी मिठातली मासळी गाढवावर लादली आणि ते भर दुपारी, कोणापासून न लपता, दलदलीच्या वाटेने निघून गेले. दाढी त्याने काढून टाकली होती. ताउसिरिस पुढे चालली होती आणि काही तरी बोलून त्याला हसवत होती. त्यांना थांबवायला कोणी गेले नाही. गेले असते तर बोलावे लागले असते.

तो तुकडा त्याने जाताना व्यायामशाळेच्या पायरीवर ठेवला होता. सभेने तो ताब्यात घेऊन एक पोटसमिती नेमली. समितीने नगराच्या भावना दुखावणारी वाक्ये कात्रीने काढून टाकली. आता तळहाताएवढा भाग उरला असून त्यावर 'आणि', 'तेव्हा' व 'खरोखर' हे तीन शब्द सुवाच्य आहेत. दर अमावास्येला ते वाचतात. पाणी गुडघ्याएवढे आहे. नव्या साहेबांनी वरच्या अंगाला अंजिराची एक लहानशी बाग घेतली आहे म्हणतात. कोण म्हणते, ते कोणी सांगत नाही.

चौकशी मात्र अजून बंद झालेली नाही. दुसरी तिपाई कचेरीच्या ओसरीत तशीच ठेवलेली आहे. कारकून तिच्यावरची धूळ रोज झटकतो. ही हकिकत ऐकायला लांबलांबून माणसे येतात. ऐकताना हसतात, अध्यक्षांना नावे ठेवतात, कोप्रेसबद्दल हळहळतात, आणि आपण तिथे असतो तर काय केले असते ते एकमेकांना सांगतात. सगळे सांगून झाले की कारकून तिपाई थोडी पुढे सरकवतो आणि विचारतो, "बरं, कोण बसतंय?" तेव्हा प्रत्येक जण वळून, आपल्या मागे कोण उभे आहे ते बघतो. तुम्ही आत्ता बघितलेत, अगदी तसेच.